कादंबरीसाठी बडोद्यात स्वप्नांची भाषा अभ्यासणाऱ्या पंडितांचं मंडळ कल्पायचं आहे. ते कोणते ग्रंथ वापरतील, त्यांचा चिन्हकोश कसा असेल: 'साप म्हणजे धन, दात पडला म्हणजे मृत्यू' असा?

तुमच्या प्रश्नात 'साप म्हणजे धन, दात पडला म्हणजे मृत्यू' असा कोश दिसला, म्हणून लिहायला बसले. तो कोश टाकून द्या. असल्या याद्या पंचांगाच्या मागच्या पानांवर मिळतात, त्यासाठी पंडित कशाला हवेत?

ग्रंथांत आधी जैनांचं कल्पसूत्र वाचा. तुम्ही कल्पताय ते मंडळ तिथे आहेच: स्वप्नलक्षणपाठक, म्हणजे स्वप्नांचे अर्थ सांगणारे. महावीरांची आई त्रिशलाराणी हिला 14 स्वप्नं पडतात, सिद्धार्थ राजा या पाठकांना बोलावतो, ते आपसांत चर्चा करतात आणि मग सांगतात की स्वप्नं एकूण 72, त्यांतली 42 साधी आणि 30 महास्वप्नं. (पर्युषणात देरासरांत, म्हणजे जैन मंदिरांत, याच 14 स्वप्नांच्या बोल्या लागतात. कथेला प्रसंग आयता आहे.) पण राणी बसलेली असते पडद्यामागे, आणि पाठकांना स्वप्न सांगतो राजा. माझं सगळं भांडण या पडद्याशी आहे.

आमचं घर बडोद्याच्या दांडिया बाजारात. आजोबा वकील होते. ते गेल्यानंतर काही महिन्यांनी आजीला स्वप्न पडलं: आजोबा कोट-टोपी घालून ओट्यावर उभे, आणि म्हणतायत, "चाल, मोडुं थाय छे." (चल, उशीर होतोय.) सकाळी चहाच्या वेळी तिनं ते सांगितलं. काकांनी पुढचं ऐकूनच घेतलं नाही. गेलेला माणूस 'चल' म्हणतो, म्हणजे अशुभ! दुपारपर्यंत गुरुजी ठरले, शांत (शांतीचा विधी) करायचं ठरलं आणि मधुमेह असलेल्या बाईला उपासही ठरला. आजी एकच सांगत होती, "अरे, ते गुजरातीत बोलले." काका म्हणाले, "भाषेचं काय घेऊन बसलीस, आई? अर्थ तोच ना?"

रात्री मी तिच्याजवळ बसून नीट विचारलं. आजोबा तिच्याशी जन्मभर मराठीच बोलले. त्यांची गुजराती कोर्टात, बाजारात, आणि रोज सकाळी दारात उभ्या असलेल्या टांगेवाल्याशी. "चाल, मोडुं थाय छे" हे त्याला म्हणायचं ठरलेलं वाक्य. स्वप्नात टांगा दिसला नव्हता, पण हे बोलणं आपल्याला नाही, हे आजीला तिथल्या तिथे कळलं होतं. "मला कुठे बोलावलं त्यांनी? ते कामाला निघाले होते," ती म्हणाली. सकाळी उठली तेव्हा तिला बरं वाटत होतं. भीती घातली ती काकांनी. शांत झाली, उपास झाला, संध्याकाळी तिला चक्कर आली. पुढे माझ्या लग्नात आणि मुलीच्या बारशातही आजी होती. काका आजही म्हणतात, ते शांत केल्यामुळे.

काका शास्त्राचं नाव घेतात, म्हणून शास्त्रातलंच सांगते. चरकसंहितेच्या इंद्रियस्थानात स्वप्नाचे सात प्रकार दिलेत: पाहिलेलं, ऐकलेलं, अनुभवलेलं, इच्छिलेलं, कल्पिलेलं, भाविक (पुढचं सुचवणारं) आणि दोषज (वात-पित्त-कफ बिघडल्यानं पडणारं). त्यांतल्या पहिल्या पाचांना फळ नाही, हेही तिथेच आहे. बृहदारण्यक उपनिषद म्हणतं, स्वप्नात रथ नसतात, घोडे नसतात, रस्ते नसतात; पाहणारा ते स्वतः निर्माण करतो. मग ते स्वप्न जिनं निर्माण केलं तिला न विचारता अर्थ लावणारे तुम्ही कोण?

तेव्हा तुमच्या मंडळाच्या वहीत पहिला रकाना हा ठेवा: स्वप्नात कोण, कोणत्या भाषेत, कोणाशी बोललं. घरात मराठी आणि उंबऱ्याबाहेर गुजराती असलेल्या बडोद्यात हा रकाना भरभरून वाहील. सांगणाऱ्याचे शब्द जसेच्या तसे घ्यायचे. स्वप्नातल्या गुरूंनी पावशेर तूप मागितलं, हे तुकोबांनी अभंगात ठेवलंय. असा तपशील कुठल्याच कोशात बसत नाही, म्हणूनच तो जपायचा. शिस्त हवी असेल तर ती गावातच आहे. आपल्या प्राच्यविद्या मंदिर या संशोधन संस्थेनं रामायणाची चिकित्सक आवृत्ती 1960 ते 1975 मध्ये सात खंडांत काढली, ती पोथ्या ताडून आणि पाठभेद खाली नोंदवून. तुमच्या पंडितांनीही स्वप्न सकाळी एकदा आणि आठवड्यानं पुन्हा लिहून घ्यावं, फरक तळाशी नोंदवावा. रामायणातल्या त्रिजटेच्या स्वप्नाला जो मान, तोच आमच्या आजीच्या.

हे सगळं कादंबरीपुरतं. घरात कोणी वयस्कर माणूस झोपेत खरोखर लाथा झाडत, ओरडत असेल तर त्याला डॉक्टरकडे न्या. स्वप्नं पडतात त्या झोपेत स्नायू एरवी सैल पडलेले असतात, तसे नसतील तर तो आजार असू शकतो. आणि गेलेल्या माणसाचं स्वप्न सगळ्यांनाच सुखाचं वाटेल असंही नाही. शांत करायलासुद्धा माझी ना नाही, ज्याला स्वप्न पडलं त्याची इच्छा असेल तर. आजीची नव्हती.