डिझाइनवाल्यांनी डिरेक्शनच्या वाटेला जावं का?

प्रश्न : ताई, मी अप्लाइड आर्टच्या शेवटच्या वर्षाला आहे पण खरं तर मला सिनेमा करायचाय. घरचे म्हणतात एवढी वर्षं लोगो न् टायपोग्राफी शिकलीस ते पाण्यात घालणार का. परवा 'अ टॅक्सी ड्रायव्हर' हा कोरियन पिक्चर बघितला, त्याचा डिरेक्टर पण म्हणे डिझाइनवालाच. तो कसा पोचला तिथे?
– एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : अगं, बरोबर माणूस पकडलास. जांग हून सोल नॅशनल युनिव्हर्सिटीत व्हिज्युअल डिझाइन शिकला, आणि मग किम की-दुक या कोरियन डिरेक्टरकडे असिस्टंट डिरेक्टर म्हणून लागला. किम म्हणजे स्वतः पॅरिसमध्ये चित्रं विकून राहिलेला माणूस, पिक्चर करायचा तो कमी पैशात आणि फटाफट, त्यामुळे तिथे असिस्टंटला नुसतं उभं राहून बघायची सोय नसणार!

2008 मध्ये जांगचा पहिला पिक्चर आला, 'रफ कट', स्क्रिप्ट किमचीच. एक हिरो आणि एक खरा गुंड शूटिंगसाठी खरोखरची मारामारी करतात, आणि शेवटी दोघं समुद्रकाठच्या चिखलात असे लोळतात की कोण कुठला तेच कळेनासं होतं, दोघांचा रंगच एक. तो सीन बघ, तुझ्या कॉलेजातला रंगाचा तासच आहे तो.

पण मला त्याच्यात डिझाइनर दिसतो तो वेगळ्याच जागी. 'द फ्रंट लाइन' (2011) आणि तू पाहिलेला 'अ टॅक्सी ड्रायव्हर' (2017) या दोन्हीच्या पटकथा पण दुसऱ्यांनी लिहिलेल्या. म्हणजे ब्रीफ (काय हवंय ते सांगणं) दुसऱ्याचं, काम आपलं, आणि हे तर तुम्ही लोक पहिल्या वर्षापासून करता. 'अ टॅक्सी ड्रायव्हर'मध्ये दक्षिण कोरियातल्या ग्वांग्जू शहरातला लष्करी राजवटीविरुद्धचा 1980 चा उठाव, सैन्याचा गोळीबार, एवढा जड विषय, तो त्याने एका भाड्याला हपापलेल्या टॅक्सीवाल्याच्या नजरेतून दाखवला, आणि धुरात, रक्तात ती हिरवी गाडी कुठूनही डोळ्यात भरते. कोरियात 1 कोटी 20 लाखांवर तिकिटं खपली, देशाची लोकसंख्या 5 कोटीच्या आसपास, हिशोब कर.

फिल्म स्कूलचं म्हणशील तर फी परवडत असेल तर जा, नाहीतर अडून बसू नकोस. आधी एखाद्या छोट्या युनिटला स्टोरीबोर्ड, म्हणजे शूटिंगआधी काढलेली सीनची चित्रं, करून दे, पैसे कमी मिळतील, कधी मिळणारही नाहीत, पण शूटला येऊ द्या ही अट मात्र आधीच घाल. आणि घरच्यांना 'अ टॅक्सी ड्रायव्हर' दाखव, डिरेक्टर काय शिकला ते पिक्चर संपल्यावर सांग.