सहकारी, सहभागी की सहयोगी पुरातत्त्व?

तुम्ही विचारलंय की कोलॅबरेटिव्ह आर्किऑलॉजीला (म्हणजे पुरातत्त्वज्ञ आणि स्थानिक लोक मिळून करतात त्या कामाला) सहकारी पुरातत्त्व म्हटलं तर चालेल का, आणि लेख अलास्कातल्या नुनालेक या जुन्या वस्तीच्या उत्खननावर आहे. सहकारी नको हो! आपल्याकडे सहकारी म्हटलं की पुढचा शब्द साखर कारखाना नाहीतर बँकच येतो.

सहभागी बरा वाटतो पण त्यात एक गोची आहे, सहभागी म्हणजे काम मुळात दुसऱ्या कुणाचं आणि आपण त्यात भाग घेतला. नुनालेकमध्ये नेमकं उलटं झालं. त्याच्या जवळचं, बेरिंग समुद्राकाठचं क्विनहॅगॅक हे युपिक या मूळनिवासी लोकांचं गाव (एस्किमो लिहू नका, आणि इन्युइटपण नको, युपिक वेगळे), तिथली कायम गोठलेली जमीन वितळायला लागली, किनारा ढासळायला लागला आणि जुन्या लाकडी वस्तू वाळूत सापडायला लागल्या, तेव्हा गावानंच स्कॉटलंडच्या अॅबर्डीन विद्यापीठातले पुरातत्त्वज्ञ रिक नेक्ट यांना बोलावलं. 2009 पासून खोदकाम सुरू झालं. साधारण साडेतीनशे ते साडेचारशे वर्षांमागचे मुखवटे, बाहुल्या, गवताच्या विणलेल्या वस्तू, आणि उलुआक, म्हणजे अर्धगोल पात्याची बायकांची सुरी, लाकडी मुठीसकट. ती बघून गावातल्या बायकांना कुणी काही समजवायची गरजच नव्हती, त्या आजही मासे तसल्याच सुरीनं कापतात (पातं आता स्टीलचं, तेव्हा दगडाचं). 60 हजारांवर वस्तू निघाल्या, टिकवण्याची प्रक्रिया करायला स्कॉटलंडला गेल्या आणि 2018 ला गावात म्युझियम झालं तिथे परत आल्या, कारण मालकी गावाचीच.

मला आधी सावड सुचला होता, पण सावडीत आज तुझ्या शेतात उद्या माझ्या अशी परतफेड असते, शिवाय सावडणं म्हटलं की आपल्याला अस्थीच आठवतात, उत्खननाच्या लेखात तर अजिबात नको. अर्थाला चपखल बसतो तो इरजिक. शेतकरी हाक मारतो, लोक येऊन राबतात, जेवून जातात, शेत आणि पीक ज्याचं त्याचंच राहतं. पण "इरजिक पुरातत्त्व" छापलंत तर संपादक फोन करेल, म्हणून मथळ्यात सहयोगी पुरातत्त्व ठेवा आणि आत एकदा इरजिक घालून समजवा, निदान गावाकडच्या वाचकाला तरी लगेच कळेल.

आणि हो, पुरातत्त्व मध्ये शेवटच्या जोडाक्षरात (त्त्व) दोन त आहेत, तुम्ही एकच लिहिलाय.