सेवाज्येष्ठता डावलून अनुदानाच्या यादीत दुसऱ्याचे नाव

प्रश्न : यवतमाळ जिल्ह्यातल्या एका खेड्यातील कनिष्ठ महाविद्यालयात मी २०१२ पासून मराठी शिकवतो. एम.ए., बी.एड. नेमणुकीच्या आधीच झाले होते. इतकी वर्षे संस्थेने हातावर ठेवले ते मानधन घेतले. हंगामात सोयाबीन सोंगायलाही गेलो. आता २० टक्के अनुदान मिळाले, पण मराठीच्या एकमेव पदासाठी संस्थेने २०१७ मध्ये लागलेल्या, अध्यक्षांच्या नात्यातल्या मॅडमचे नाव पाठवले. मला कोऱ्या कागदावर सही मागत आहेत. काय करू?

उत्तर : सर, आधी त्या कागदाचे. सही करू नका. खासगी शाळा कर्मचारी (सेवाशर्ती) अधिनियम, १९७७ च्या कलम ७ मध्ये राजीनाम्याची रीत घालून दिली आहे : दोन प्रती, दोन्हींवर सही आणि तारीख. कोऱ्या कागदावर पुढे काय टाइप होईल, हे तुमच्या हातात राहत नाही.

आता मूळ मुद्दा. अनुदान मिळणे हा संस्थेचा मूलभूत हक्क नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये स्पष्ट केले आहे. पण शासनाने पैसा दिला की तो कोणाला द्यायचा, हे अध्यक्षांच्या मर्जीवर चालत नाही. पद मंजूर होते, त्यावरच्या व्यक्तीला वैयक्तिक मान्यता मिळते, शालार्थ (शासनाच्या पगार प्रणालीतला) क्रमांक पडतो आणि पगार थेट तिच्या खात्यात जातो. मॅडमना मान्यता मिळून शालार्थ क्रमांक पडला, की ते मोडून काढायला वर्षे जातात. तुमची हरकत त्याआधी पोहोचली पाहिजे.

तुमचा खरा आधार याच अधिनियमाखालच्या १९८१ च्या नियमावलीतला नियम १२ आहे. संस्थेने सेवाज्येष्ठता यादी तयार करून सर्वांना दाखवायची, प्रत मिळाल्याच्या सह्या घ्यायच्या आणि नंतर बदल केला तरी तो कळवून पुन्हा सह्या घ्यायच्या. तुमची सही असलेली जुनी यादी सापडली तर ती जपून ठेवा. हजेरीपटावरच्या सह्यांचे मोबाईलवर फोटो काढा, पहिल्या वर्षापासूनचे, आजच. पांढरी शाई लावलेला मस्टर मी कोर्टात पाहिला आहे, म्हणून सांगतो. नेमणूक पत्र, रुजू झाल्याचा अहवाल, बोर्डाच्या पेपर तपासणीचे आदेशही काढून ठेवा.

त्याच नियमाप्रमाणे ज्येष्ठतेचा वाद शिक्षणाधिकाऱ्यांकडे जातो. कनिष्ठ महाविद्यालयाच्या मान्यतेचा कारभार मात्र शिक्षण उपसंचालकांकडे असतो. त्यामुळे हरकत दोघांच्या नावे लिहा, अमरावतीला उपसंचालक कार्यालयात स्वतः द्या आणि पोहोच घ्या. मॅडमच्या प्रस्तावावर निर्णय होण्याआधी मला ऐकून घ्या, एवढी एकच मागणी ठळक लिहा. सोबत माहिती अधिकारात संस्थेने पाठवलेला प्रस्ताव आणि ज्येष्ठता यादीच्या प्रती मागा. अर्ज दीडशे शब्दांत, एकाच विषयावर ठेवा. ३० दिवसांत उत्तर नाही आले तर पहिले अपील.

शाळा न्यायाधिकरणाकडे जाऊ का, असे पुष्कळ जण विचारतात. सध्या तुमच्यासाठी ती वाट नाही. १९७७ च्या अधिनियमातले कलम ९ चे अपील बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती किंवा बढतीत डावलले जाणे यासाठी आहे. अनुदानाच्या पदावर दुसऱ्याचे नाव टाकणे त्यात सरळ बसत नाही. पण संस्थेने चिडून तुम्हाला वर्गात जाऊ दिले नाही, तर गोष्ट बदलते. मग ३० दिवसांत अपील करावे लागते आणि तोंडी काढले तरी ते करता येते. ते दिवस चर्चेत घालवू नका.

उपसंचालकांनी हरकत बाजूला ठेवून मान्यता दिली, किंवा निर्णयच देत नसतील, तर नागपूर खंडपीठात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका. त्यात मॅडमनाही पक्षकार करावे लागेल. त्यांचा काही दोष असेल-नसेल, पण त्यांना न ऐकता आदेश होत नाही. फीची अडचण असेल तर तालुका विधी सेवा समितीकडे चौकशी करा. ही हरकत येत्या आठवड्यातच अमरावतीला पोहोचवा.