‘रासमाला’कार फॉर्ब्स आणि त्यांचा इतिहास

प्रश्न : गुजरातच्या इतिहासावरील लेखांत ‘रासमाला’ या ग्रंथाचा आधार वारंवार दिलेला आढळतो. त्याचे कर्ते फॉर्ब्स हे कंपनी सरकारचे अधिकारी होते. मग मुंबईतील ‘फार्बस गुजराती सभा’ या संस्थेला त्यांचे नाव कसे मिळाले? आणि इतिहास म्हणून या ग्रंथावर कितपत भिस्त ठेवावी?

उत्तर : अलेक्झांडर किन्लॉक फॉर्ब्स यांचा जन्म १८२१ साली लंडनमध्ये झाला. आरंभी ते वास्तुविद्येकडे वळले होते. पुढे हेलिबरीच्या कॉलेजात शिकून १८४३ साली ते कंपनीच्या नोकरीत मुंबई इलाख्यात आले. नगर आणि खानदेशात काही काळ काढल्यावर त्यांची नेमणूक अहमदाबादेस झाली आणि तिथल्या जुन्या इमारतींनी त्यांचे लक्ष वेधून घेतले. त्या कोणी बांधल्या, हे समजून घ्यायचे तर इथली भाषा आणि इथल्या पोथ्या यांना पर्याय नाही, हे ओळखून त्यांनी १८४८ साली वढवाणचे कवी दलपतराम यांना आपल्याजवळ ठेवून घेतले. त्याच वर्षी त्यांच्या पुढाकाराने गुजराती भाषा-साहित्यासाठी ‘गुजरात वर्नाक्युलर सोसायटी’ची स्थापना झाली. पुढे महीकांठ्यात पोलिटिकल एजंट म्हणून काम करताना संस्थानिकांच्या दरबारांतील भाट-चारणांशी त्यांचा निकटचा संबंध आला. पोथ्या मिळवणे, उतरवून घेणे आणि त्यांचा अर्थ लावणे या कामात दलपतरामांचा वाटा इतका मोठा आहे की, ‘रासमाला’चा उल्लेख करताना त्यांचे नाव गाळणे मला अन्यायाचे वाटते.

ग्रंथ १८५६ साली लंडनमध्ये दोन खंडांत प्रसिद्ध झाला. पुढे फॉर्ब्स मुंबईच्या उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले आणि १८६५ साली पुण्यात वारले. त्याच वर्षी त्यांच्या प्रेरणेने मुंबईत स्थापन झालेल्या गुजराती सभेला त्यांच्या निधनानंतर त्यांचे नाव देण्यात आले. दलपतरामांनी त्यांच्या मृत्यूवर ‘फार्बसविरह’ हे शोककाव्य लिहिले. राज्यकर्त्या वर्गातील माणसावर इथल्या कवीने इतक्या जिव्हाळ्याने लिहावे, यातच दोघांच्या नात्याची जात कळते.

आता भिस्तीविषयी. गुजरातचा सोलंकी राजा सिद्धराज जयसिंह याने जुनागढला वेढा घालून तिथला राजा रा’खेंगार याला मारले आणि त्याची राणी राणकदेवी वढवाणला सती गेली, ही कथा सौराष्ट्रात आजही सांगतात. खेंगार पडला तरी तू कोसळला कसा नाहीस, असा गिरनारलाच जाब विचारणारा राणकदेवीचा दुहा तिकडे तोंडपाठ असतो. परंतु विक्रम संवत ११९६च्या दाहोद शिलालेखात सिद्धराजाने सौराष्ट्राच्या राजाला कैदेत टाकल्याचे म्हटले आहे, मारल्याचे नाही. भाटांच्या कथेत आणि दगडावरच्या मजकुरात असा फरक पडतो तिथे अभ्यासकाने शिलालेखाच्या बाजूने झुकावे. फॉर्ब्स यांच्या हाती अशा लेखांची सामग्री आजच्या मानाने फार थोडी होती. त्यांचा मुख्य आधार मेरुतुंग या जैन ग्रंथकाराच्या ‘प्रबंधचिंतामणी’सारखे जैन प्रबंध (राजे व थोर पुरुष यांच्या चरित्रकथा) आणि चारणी काव्ये हाच होता, आणि मेरुतुंग स्वतः सिद्धराजानंतर दीडेकशे वर्षांनी लिहीत होता. म्हणून अणहिलवाड पाटणच्या चावडा-सोलंकी राजांच्या सनावळीसाठी व लढायांच्या तपशिलासाठी ‘रासमाला’ एकटीच प्रमाण धरू नये.

मात्र भाट आपल्या यजमानाच्या घराण्याची आठवण कशी जपत आणि कशी फुलवत, हे जाणून घ्यायचे असेल तर या ग्रंथाचे मोल मोठे आहे, कारण ती परंपरा जिवंत असताना फॉर्ब्स यांनी ती टिपून ठेवली. मराठी वाचकाने गायकवाडांच्या मुलुखगिरीचा भाग आवर्जून वाचावा आणि तो मराठी कागदपत्रांशी ताडून पाहावा. ज्यांच्या गावांतून खंडणी वसूल होत असे, त्यांच्या बाजूची हकीकत तिथे मिळते. इंग्रजी जड वाटल्यास रणछोडभाई उदयराम यांचे गुजराती भाषांतर आहे.