पीपीएसएसपीपीमधून गेम काढूनही फोनची जागा मोकळी का होत नाही?

आपण विचारले आहे की पीपीएसएसपीपी, म्हणजे सोनीच्या पीएसपी या हातात धरून खेळायच्या यंत्राचे गेम फोनवर चालवणारे अ‍ॅप, याच्या यादीतून गेम काढल्यावरही फोनची जागा तशीच भरलेली का दिसते. आपण बहुधा 'रीसेंट'मधून काढण्याचा पर्याय निवडला असावा. त्याने केवळ यादीतील नोंद जाते, आयएसओ (गेमच्या डिस्कची पूर्ण प्रत) किंवा सीएसओ (तिचेच दाबून लहान केलेले रूप) फाईल मात्र होती तेथेच राहते. गेमच्या चित्रावर बोट दाबून धरल्यास त्याचे माहितीपान उघडते, आणि तेथील 'डिलीट गेम' या पर्यायानेच मूळ फाईल पुसली जाते. पीएसपीच्या एका डिस्कवर 1.8 जीबीपर्यंत मजकूर मावत असे, त्यामुळे एक मोठा गेम गेला तरी फरक जाणवतो.

त्याच पानावरील 'डिलीट सेव्ह डेटा' मात्र विचारपूर्वकच दाबावे, कारण त्याने खेळातील सारी प्रगती नष्ट होते. फोंड्यातील माझ्या भाच्याने चतुर्थीच्या सुट्टीत जागेच्या घाईपायी हेच केले आणि महिनाभराची मेहनत घालवली. सेव्ह फाईली 'पीएसपी' फोल्डरमधील 'सेव्हडेटा'मध्ये असतात व फारच थोडी जागा घेतात, म्हणून त्या आधी संगणकावर उतरवून ठेवणे इष्ट. उलट 'पीपीएसएसपीपी_स्टेट' या फोल्डरात साठत गेलेली झटपट सेव्ह आणि 'टेक्श्चर्स'मधील चित्रसंच यांच्याकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही, तेही तपासावे.

जे गेम ठेवायचेच आहेत, त्यांच्या आयएसओ फाईलींचे संगणकावर सीएसओत रूपांतर केल्यास, गेमगणिक कमीअधिक, पण बरीच जागा वाचते.