एस्तेर क्रुम्बाखोवा: दिग्दर्शकाच्या नावाने शोधू नका

'डेझीज' (1966) हा चेक चित्रपट बघितल्यावर पटकथाकार एस्तेर क्रुम्बाखोवावर लिहायचं ठरवलंत, पण जिकडेतिकडे दिग्दर्शिका व्हेरा ख्यतिलोवाच सापडते, हिचं नक्की काम काय ते कळत नाही, असं तुम्ही म्हणता. माझंही अगदी हेच झालं होतं. चेक नवलाट (साठच्या दशकातली तिथल्या तरुण दिग्दर्शकांची लाट), 1968 चे सोव्हिएत रणगाडे वगैरे तुम्हाला ठाऊक असणारच, ते सोडते.

आमच्या फिल्म क्लबच्या अंकासाठी टिपण करायचं होतं, म्हणून एका संस्थेच्या ग्रंथालयात गेले (नाव लिहीत नाही). तिथली सूची फक्त दिग्दर्शकाच्या नावाने. "पटकथाकार असं काही नसतं, डायरेक्टर सांगा." सांगितला, तर म्हणे लेटरहेडवर पत्र आणा. आणलं, तर 'विषय'पुढे पटकथाकाराचं नाव चालत नाही, बदलून आणा. बदलून नेलं, तर सहीचे साहेब रजेवर. अंक छापून आला, टिपण राहिलं ते राहिलंच. कपाट चार पावलांवर होतं हो! असो.

तर माझं मत, पटलं तर घ्या (चेक मला येत नाही, सगळं सबटायटल्सवर): श्रेयनामावलीत पटकथा आणि वेशभूषा दोन्ही एकत्र बघा. बाई मूळच्या वेशभूषेतल्या. 'डेझीज'च्या शेवटी त्यातल्या दोघी नायिका अंगाला वर्तमानपत्रं गुंडाळून, दोरीने बांधून, फुटलेल्या बशांचे तुकडे टेबलावर जुळवत बसतात. यात लेखन कुठे संपतं आणि कपडे कुठे सुरू होतात, सांगा बघू.

दुसरं म्हणजे जेवणाची टेबलं. 'डेझीज'मधल्या अन्नाच्या नासाडीवरून 1967 मध्ये चेकोस्लोव्हाक संसदेत खासदारांनी आरडाओरडा केला. त्याच तक्रारीत दिग्दर्शक यान नेमेत्सचा 'द पार्टी अँड द गेस्ट्स'ही होता. त्याची कथा एस्तेरची: तळ्याकाठी मेजवानी, एक पाहुणा मुकाट उठून जातो, यजमान कुत्रा घेऊन त्याच्या मागावर निघतात. आणि 1970 चा 'मर्डर ऑफ मिस्टर डेव्हिल', तिने दिग्दर्शित केलेला एकमेव चित्रपट. त्यातला पाहुणा खातो, खातो, शेवटी फर्निचर खाण्यावर उतरतो! पुरुषांची इतकी मस्त फिरकी मी फारशी बघितलेली नाही. पुढे कम्युनिस्ट राजवटीने एस्तेरला सिनेमापासून दूर ठेवलं. लेखात 'दुर्लक्षित प्रतिभा' छापाचा गळा काढू नका, ही टेबलं दाखवा.

आणखी एक. शोधताना इंग्रजी नावांवर अवलंबून राहू नका. नेमेत्सचा चित्रपट कुठे 'रिपोर्ट ऑन' लावून मिळतो, कुठे न लावता. मूळ चेक नाव टाका. तिचे कागद, स्केचेस प्रागमध्ये जपले गेलेत, त्यांचं आर्काइव्ह ऑनलाइन आहे. सुरुवात तिथूनच करा, तिथे लेटरहेड लागत नाही. डीव्हीडी हवी असेल तर लंडनच्या 'सेकंड रन' या डीव्हीडी कंपनीची बघा, जरा महाग पडते.