पंजाबी लघुपट ऑनलाइन टाकण्याआधी

नांदेडला वाढून तू थेट पंजाबीत लघुपट केलास, याचा मला फार आनंद झाला. पण अपलोड करायची घाई करू नकोस.

लघुपटाला तिकीटबारी नसते. जालंधरपासून कॅनडातल्या ब्रॅम्प्टनपर्यंतचे लोक तुझ्या चॅनेलवर जेवढं बघतील, तेवढीच कमाई. कुणी तो उतरवून टेलिग्रामवर टाकला की ते प्रेक्षक गेले, आणि पुढच्या निर्मात्याला दाखवायला आकडाही उरत नाही. माझी पहिली फिल्म अशीच फुटली, तीही ओळखीच्या माणसाला विश्वासाने पाठवलेल्या लिंकवरून. फार लागलं ते मनाला. म्हणून प्रत्येकाला वेगळी प्रत दे, चित्रावर त्याचंच नाव उमटवून. बऱ्याच महोत्सवांना आधी ऑनलाइन आलेली फिल्म चालत नाही, हेही ध्यानात ठेव.

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यात नोंदणी सक्तीची नाही, पण पुरावा म्हणून कामी येते. संगीतकाराशी लेखी करार हवाच. चोरीची प्रत दिसली की त्याच दिवशी यूट्यूबकडे तक्रार कर.

आणि शाहमुखीत, म्हणजे पाकिस्तानात पंजाबी ज्या उर्दूसारख्या लिपीत लिहितात तिच्यात, सबटायटल्स स्वतःच दे. लाहोरकडच्या पंजाबी प्रेक्षकांना आपल्याकडची गुरुमुखी लिपी सहसा वाचता येत नाही; त्यांची सोय तुझ्याच चॅनेलवर झाली, तर ते दुसरीकडे कशाला शोधतील?